दुधाच्या गाडीचं कुत्रं

रहीमभाई गेल्याचा फोन आला तेव्हा मी परतूरच्या मोंढ्यात तुरीचा भाव ऐकत उभा होतो. त्याला आता महिना झाला. रडू आलं, आणि रडता रडता हसूही... कारण हा माणूस जिंकून गेला आणि हरवलं त्यानं मला!

रहीमभाईंचा फोटो स्टुडिओ होता. इतर स्टुडिओंत फोटोमागच्या पडद्यावर ताजमहाल, नाहीतर धबधबा. यांनी स्वतःच्या हातानं युरोपातला, महायुद्धाआधीचा रस्ता रंगवला. रद्दीत मिळालेल्या जुन्या चित्रकार्डांवरून. ट्राम, पेपरवाला, खिडकीतून सतरंजी झटकणारी बाई आणि मधोमध पितळी कॅनांची दुधाची गाडी. ती ओढतंय कोण, तर कुत्रं!

"घोडा काढायला रंग कमी पडला का, रहीमभाई?" भरल्या स्टुडिओत हे विचारणारा शहाणा मीच. सगळे खो खो हसले आणि गावाला विषय मिळाला. नवरानवरी म्हणू लागले, कुत्र्यापुढं फोटो नको. गिऱ्हाईक तुटत चाललं. कार्डं तोवर वाळवीनं खाल्लेली, दाखवणार काय? मी म्हटलं, पुसून टाका की. तेव्हा ते कधी नव्हे ते चिडले.

"दत्ताभाऊ, तिथं गरिबाची गाडी कुत्रंच ओढायचं. मी कार्डात पाह्यलंय. धंदा बसला तरी बिलकुल पुसणार न्हाई."

खरंच पुसलं नाही. वर्षानुवर्षं चेष्टा सोसली.

गेल्या वर्षी माझी मुलगी नोकरीसाठी ब्रसेल्सला गेली. एका रविवारी तिनं तिथल्या संग्रहालयातला जुना फोटो पाठवला. दगडी रस्ता, दूधवाली, पितळी कॅन आणि गाडीला जुंपलेलं कुत्रं. खाली लिहिलं होतं, 'बाबा, हे रहीमचाचांचंच ना?' खोटं कशाला सांगू, क्षणभर वाटलं, गुपचूप पुसून टाकावा. मग स्वतःचीच लाज वाटली आणि तसाच स्टुडिओत गेलो.

रहीमभाईंनी चष्मा पुसून पुसून फोटो पाहिला. माझा फोन घेऊन थेट बाजारात उतरले आणि दुकानामागून दुकान... "बराबर हाय का न्हाई? बोला!" त्या वयात इतकं ताठ चालताना मी त्यांना कधी पाहिलं नव्हतं. मागून मी, गावाला पेढे वाटत. इतका आनंद मला जिंकून कधी झाला नव्हता.

परत आल्यावर त्यांनी मला पडद्यापुढं उभं केलं, कॅमेऱ्याला डोळा लावला आणि हात हलवला.

"सरका, दत्ताभाऊ. कुत्रं झाकून राह्यले तुम्ही."

तो फोटो आमच्या बैठकीत आहे. त्यात मी अर्धाच आलोय. कुत्रं मात्र शेपटीसकट पुरं आहे.