दत्तोपंतांचं शेत हलवताना

राहुरीत विद्यापीठाच्या रस्त्याला लागून जी जुनी कॉलनी आहे, तिथे नीलांबरीबाई मुळ्यांना ओळखत नाही असा माणूस नाही. आणि त्यांनी एकदा तरी ज्याला झापलं नाही असाही नाही. दूधवाला मापात मारतो म्हणून, शेजारीण यांच्या कुंपणावर ओल्या गोधड्या टाकते म्हणून. तोंडाने फटकळ, हाताने उदार. भित्र्या मात्र मुळीच नव्हेत, हे आधीच सांगून ठेवतो. पुढची हकिकत ऐकून कुणी म्हणेल, एकटी म्हातारी, झाले असतील भास. भास होणाऱ्यांतली ही बाई नव्हे. भासालाच दारात उभं करून त्याचं नाव-गाव विचारणारी.

त्यांचे यजमान दत्तोपंत कृषी विद्यापीठात कारकून होते. अख्खी नोकरी त्यांनी दुसऱ्यांच्या पिकांचे अहवाल टाइप करण्यात घालवली. ज्वारीचा कुठला वाण कधी निसवतो, हरभऱ्यावर घाटेअळी कधी पडते, सगळं तोंडपाठ. पण घराणं भिक्षुकाचं. सात-बाऱ्यावर नाव कधी लागलं नाही आणि हाताने मेथीची जुडीही कधी पिकवली नाही. निवृत्त झाले तेव्हा त्यांची मुलगी भार्गवी लग्न होऊन पुण्याला गेलेली होती आणि तिचा जुना कॉम्प्युटर मागच्या खोलीत धूळ खात पडला होता. त्यात शेतीचा एक गेम होता. दत्तोपंत त्यात शिरले, ते जेवणापुरतेच काय ते उठू लागले.

गेम परदेशी. त्यातल्या शेतकऱ्याला निळी विजार आणि गोल टोपी. ज्वारीचं नावही नाही, म्हणून पंतांनी मका पेरला आणि त्यालाच ज्वारी म्हणायला लागले. विहिरीपाशी कुठलंसं विलायती झाड होतं, तो यांचा कडुनिंब. शेताला दगडी कुंपण, त्याला लाकडी फाटक, फाटकाबाहेर रस्ता. त्या गोल टोपीवाल्याला ते ‘मी’ म्हणत. “आज मी खालच्या वाफ्याला पाणी दिलं,” असं जेवताना सांगत. नीलांबरीबाई वाढता वाढता म्हणत, “हो, आणि ताटातलं वरण गार होतंय ते कोण खाणार, तुम्ही की टोपीवाला?” पंत हसत. त्यांच्या हसण्यावर बाईंचा जीव होता, हे त्या मेल्या तरी कबूल करणार नाहीत, म्हणून आपणच सांगावं.

मागच्या चैत्रात दुपारचा चहा पिता पिता पंत गेले. कुणाला त्रास नाही, कुणाला निरोप नाही.

दिवस-वार उरकले, भार्गवी पुण्याला परतली. एका दुपारी बाई मागच्या खोलीत झाडायला गेल्या आणि त्यांनी कॉम्प्युटर लावून पाहिला. मका सुकत चाललेला. उतू जाणारं दूध आणि सुकणारं रोप जिला बघवत नाही अशी बाई. पंतांच्या मागे उभं राहून त्यांनी पाहिलेलं होतंच. चाचपडत कळा दाबल्या आणि पाणी दिलं. दुसऱ्या दिवशी पुन्हा दिलं. मग ते रोजचंच झालं. लोक फोटोला हार घालतात, या रान भिजवत.

आणि तेव्हा ती गोष्ट ध्यानात आली.

टोपीवाला कळ दाबली तरच चालायचा. सोडलं तिथे उभा. तसंच असतं, हे भार्गवीनेही फोनवर सांगितलं. पण बाई त्याला विहिरीपाशी सोडून चहा टाकायला जात आणि कप घेऊन परत येत तेव्हा तो फाटकाशी उभा असे. पाठमोरा, रस्त्याकडे तोंड करून. सुरुवातीला वाटलं, आपलाच हात लागला असेल. म्हणून त्यांनी कळफलक उचलून कपाटावर ठेवला आणि खोलीला बाहेरून कडी घातली. कडी काढली तेव्हा तो फाटकाशीच होता. त्या बघत असताना तो कधी हलला नाही. पाठ वळली की हले.

दुसरी कुणी असती तर किंचाळत रस्त्यावर आली असती. बाई खुर्चीत बसल्या, पदराने चष्मा पुसला आणि म्हणाल्या, “पाय मोकळे करायला जायचं असेल तर सांगून जावं माणसाने.” त्या रात्री त्यांना बऱ्याच दिवसांनी झोप लागली. हे त्यांनी कुणालाही सांगितलं नाही. भार्गवीला तर नाहीच. तिने लगेच पुण्याला नेऊन डॉक्टरपुढे बसवलं असतं.

पण यंत्राला वय असतंच. कॉम्प्युटर घरघरू लागला, मधेच पडदा निळा पडू लागला. स्टँडजवळ दुकान असलेल्या कानिफनाथने येऊन पाठीमागचं झाकण उघडलं आणि मान हलवली. “काकू, ह्याचं काय खरं न्हाई आता. आज हाय, उद्या न्हाई.”

बाईंनी भार्गवीला फोन लावला. माणूस एकदा गेला होता. आता उरलेलाही जाणार. भार्गवीने तातडीने नवा कॉम्प्युटर धाडला. कानिफ तो जोडायला आला.

“यातलं शेत त्यात जाईल ना?” बाईंनी विचारलं.

“जाईल की. गेम नव्यानं टाकायचा, अन् काकांची फाईल हितनं घेऊन तिथं ठिवायची. पिकं, विहीर, समदं जसंच्या तसं.”

“म्हणजे इथलं जाईल?”

“न्हाई न्हाई, हितलं हितंच ऱ्हातं. तिथं दुसरं व्हतं.”

हे बाईंना पटेना. शेताची नक्कल ठीक. पण माणूस एकाच वेळी दोन ठिकाणी कसा राहणार? तो इकडे राहिला आणि तिकडे नुसती टोपी गेली तर? कानिफ गाडीच्या डिकीतून पेनड्राइव्ह आणायला बाहेर गेला आणि तेवढ्यात भिक्षुकाच्या घरची सून जागी झाली. गणपती हलवायचा तर आधी उत्तरपूजा करावी लागते. मूर्तीवर अक्षता टाकायच्या, मूर्ती जागची जरा उत्तरेला सरकवायची, की देव निघाला. मागे उरते ती माती. बाईंनी देवघरातून चिमूटभर अक्षता आणल्या, जुन्या कॉम्प्युटरच्या डब्यावर टाकल्या, हात जोडले आणि डबा बोटभर उत्तरेकडे सरकवला. “निघा आता,” त्या हळूच म्हणाल्या.

कानिफ आला, त्याने फाईल घेतली, नव्यात ठेवली. मका आला, विहीर आली, कडुनिंब आला, गोल टोपी आली. बाईंनी खूश होऊन त्याला बेसनाचे लाडू दिले. जुन्या डब्यातलं सगळं पुसून सुटे भाग काढायचे म्हणून तो डबा कानिफ दुकानात घेऊन गेला.

संध्याकाळी बाईंनी टोपीवाल्याला विहिरीपाशी सोडलं आणि मुद्दाम बराच वेळ स्वयंपाकघरात काढला. परत आल्या. तो विहिरीपाशीच होता. दुसऱ्या दिवशी कळफलक कपाटावर, खोलीला कडी. विहिरीपाशीच. त्या बोलल्या, रागावल्या, रुसून पाठ करून बसल्या. टोपीवाला दगडासारखा जागच्या जागी. शेत सगळं होतं. शेतात कुणी नव्हतं.

मग त्यांना आपली चूक कळली. आधी कळस मग पाया! नवी जागा तयार नसताना त्यांनी जुन्या जागेवरून निरोप देऊन टाकला होता. कानिफने फाईल घेतली ती त्यानंतर. विसर्जनानंतरच्या मातीचा फोटो काढून देवघरात ठेवावा, तसं झालं होतं. आणि ज्याला निघा म्हटलं, तो कुठे गेला? बाई पदर तोंडात धरून रडल्या. पंत गेले त्या दिवशी माणसांच्या गर्दीत रडायचं राहून गेलं होतं, तेही रडून घेतलं. मग तोंड धुतलं आणि रिक्षाने स्टँड गाठलं.

कानिफ दुकानात एकटाच होता.

“जुना डबा पुसलास?”

“न्हाई काकू.” त्याने कोपऱ्याकडे पाहिलं. तिथे पडद्यावर टॉवेल टाकलेला होता. “पुसायच्या आदी चालू करून बघितला. म्हनलं समदं नीट गेलं का न्हाई, खात्री करावी. माऊस, कीबोर्ड काहीच लावलेलं न्हाई. तरी...” तो मागे सरकला. “तुमीच बघा. मला न्हाई बघवत.”

बाईंनी टॉवेल उचलला. मका सुकून पिवळा पडलेला. टोपीवाला फाटकाशी जायचा, थांबायचा, विहिरीशी परतायचा, पुन्हा फाटकाशी. आता कुणी बघतंय याचीही त्याला पर्वा नव्हती. कुंपणातल्या कुंपणात नुसत्या येरझारा. घरातून बाहेर तर काढलं, पण जायचं कुठे ते कुणी सांगितलं नाही, अशा माणसाच्या येरझारा.

“त्ये वायर उपसून बंद पन केलं म्या,” कानिफ म्हणाला. “चालू केलं की फिरतंयच. काकू, तुमी काय केलं व्हतं?”

“मूर्खपणा,” बाई म्हणाल्या. “फाईल पुन्हा घे. आत्ता.”

कानिफने कीबोर्ड जोडला, पेनड्राइव्ह लावला. हिरवी पट्टी सरकू लागली. बाई पडद्यापाशी वाकल्या आणि वर्षानुवर्षांच्या सवयीच्या आवाजात म्हणाल्या, “अहो, ऐकताय ना? घर बदललंय. भार्गवीने नवीन धाडलंय. मका तिकडेही आहे, तुमचा कडुनिंबही आहे. या पट्टीबरोबर या. मी घरी आहेच.”

टोपीवाला वाफ्याच्या मधोमध थांबला. पट्टी भरली तरी तो तसाच उभा.

“आता हितलं पुसू का ऱ्हाऊ देऊ?” कानिफने विचारलं. “एकदा पुसलं का परत येत न्हाई, सांगून ठिवतो.”

इथे बाईंचा धीर पहिल्यांदा डगमगला. तो आला नसेल आणि पुसलं, तर आपल्याच हाताने त्याला दुसऱ्यांदा घालवल्यासारखं. न पुसावं, तर तो या स्टँडवरच्या दुकानात टॉवेलखाली येरझारा घालत राहणार. जुन्या घराला कुलूप लागल्याशिवाय नव्यात कुणी रुळत नाही, हे त्यांनी चार बदल्यांमध्ये पाहिलेलं होतं. त्यांनी कानिफला कळ विचारली आणि स्वतःच्या बोटाने दाबली. पडदा काळा झाला.

कानिफने बाईंच्या घरी येऊन नवी फाईल बसवली. गेम उघडला. मका पिवळा, विहीर, कडुनिंब, कुंपण. टोपीवाला नाही. कानिफने सगळं शेत फिरवून पाहिलं. “असं व्हतच न्हाई, काकू. गड्याबिगर ह्यो गेम चालूच व्हत न्हाई.” चहाला न थांबता तो गेला. एरवी या घरचा चहा सोडणारा माणूस नव्हे तो.

बाई रिकाम्या शेतापुढे बसून राहिल्या. दिवेलागण झाली. त्यांना पंतांचा इतका राग आला की कुणाला सांगता सोय नाही. आयुष्यभर बोलावल्याबरोबर येणारा माणूस, आणि आज? “मीच घालवलं तुम्हाला,” त्या म्हणाल्या आणि उठून कुकर लावायला गेल्या. कारण वरण-भात चुकत नाही, कुणी मेलं तरी.

तांदूळ धुवून झाकण लावलं, तेव्हा मागच्या खोलीतून लाकूड करकरल्याचा आवाज आला. गेममध्ये फाटकाला आवाज होता, हे त्यांना आजवर माहीत नव्हतं.

त्या दारापर्यंत गेल्या. फाटक उघडं होतं. तो फाटकात उभा होता, आणि पहिल्यांदाच पाठमोरा नव्हता. गोल टोपी काढून हातात धरलेली. लग्नाला, बाजाराला, दवाखान्यात, कुठेही जायचं असो, पंत नेहमी आधी तयार होऊन फाटकात असेच उभे राहत आणि बाईंचं आतलं आवरणं संपत नसे. अगदी तसाच उभा, मान जराशी कलती, बाईंकडे बघत.

“आलेच हं!” बाईंच्या तोंडून निघून गेलं. पन्नास वर्षांची जीभ. ती विचारून थोडीच बोलते.

मग आपण काय बोललो ते त्यांच्या ध्यानात आलं. आयुष्यात कधी न घाबरलेली बाई दाराची चौकट धरून उभी राहिली. आत कुकरने पहिली शिट्टी दिली.

पडद्यावरच्या माणसाने मान डोलावली, तो फाटकाशेजारच्या दगडावर निवांत बसला आणि टोपी गुडघ्यावर ठेवली. त्याला घाई नव्हती.