हाकेला कणी

"कागदाला कायबी असू द्या. हाकेला काय?"

गल्लीत नवं कुणी राहायला आलं की गिरणीवाल्या मावशींचा पहिला प्रश्न हा असायचा. मला कुरकुंभच्या एका कंपनीत प्रयोगशाळेत नोकरी लागली आणि आम्ही दौंडला खोली घेतली. पहिल्याच आठवड्यात माझी बायको ज्वारीचा डबा घेऊन गिरणीत गेली. तिनं आपलं नाव, माझं नाव, आडनाव असं सगळं नीट सांगितलं. मावशींनी ऐकून घेतलं. कापडी नळीतून पडणाऱ्या पिठाची चिमूट घेऊन डोळे मिटून बोटांत चोळली, मान हलवली आणि मग हा प्रश्न टाकला.

बायको गोंधळली. "हाकेला म्हणजे?"

"माह्यार कुठलं?"

"वरवंड."

"मंग वरी."

झालं. कॉलेजात वादविवादाची बक्षिसं मिळवलेली माझी बायको त्या दिवसापासून गल्लीत वरी झाली. दळण झालं की गिरणीतून आरोळी यायची, "वरेऽ, झालं गं!" आणि ही हातातलं काम टाकून पळायची. मी एकदा चिडवलं, तर म्हणाली, "तुम्ही हाक मारली की यायचं की नाही याचा मला विचार करावा लागतो. त्यांच्या हाकेला पाय आपोआप निघतात."

पिठाची गिरणी तुम्हीही पाहिली असेल. चामड्याचा पट्टा फटाफट फिरतो, मोटार गुरगुरते, दगड घरघरतात आणि शेजारी उभ्या माणसाचं बोलणं नुसतं ओठांवरून ओळखावं लागतं. त्यात आयुष्य काढायचं तर घसा तयार लागतो आणि नावं आखूड लागतात. मावशींचं शास्त्र एवढंच होतं. "पट्टा फिरतोय तवर मोठं नाव दारापातुर बी पोचत न्हाई. निम्मं पिठातच पडतं." म्हणून त्यांनी गल्लीतल्या समस्त बायकापोरींची दोन अक्षरांत वाटणी करून टाकली होती. पट्ट्याकडं बघून गरागरा फिरणारी एक पोर भिंगी. हातातला डबा हमखास उपडा करणारी सांडी. बँकेतल्या साहेबांच्या बाई दर वेळी "मावशी, मला जरा घाई आहे" म्हणायच्या. त्या घाई. त्यांना आधी फार राग आला होता म्हणे. आता गल्लीच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर त्या स्वतःच खाली 'घाई' असं लिहितात.

मावशींचे मालक, आप्पा, गिरणीतच एका स्टुलावर बसलेले असत. पट्टा बसवणं, गुळगुळीत झालेल्या दगडांना छिन्नीनं टाकी लावणं ही त्यांची कामं. गिरणीच्या आवाजानं त्यांचे कान गेले होते. जगात त्यांना ऐकू यायचा तो एकच आवाज, मावशींचा. तोही त्यांना सोयीचं असेल तेव्हाच यायचा.

मावशींचं माहेर शिरूरकडं, घोड नदीच्या काठावरचं. मी मूळचा शिरूरचा, हे कळल्यावर त्यांनी मला लगेच भाऊ करून टाकलं. "माह्या मुलखाचं हायसा, म्हंजी भाऊच की." मला बहीण नव्हती. अशी आयती, धिप्पाड आणि पिठानं माखलेली बहीण मिळाल्यावर मी तरी कशाला नाही म्हणू?

पुढं बायकोला दिवस गेले आणि सातव्या महिन्यातच मुलगी झाली. पुण्याच्या दवाखान्यात तिला काचेच्या पेटीत ठेवलं. माझ्या तळहातावर मावली असती, पण हातात घ्यायची परवानगी नव्हती. डॉक्टरांना काही विचारलं की ते "बघू या" म्हणत. त्या दिवसांत मला 'बघू या' या दोन शब्दांची जेवढी भीती वाटली, तेवढी पुढं कशाचीच वाटली नाही.

कपडे न्यायला मी एक दिवस घरी आलो. गिरणीवरून मान खाली घालून चाललो होतो, तोच गिरणी बंद झाली. अर्धं दळण दगडात असताना गिरणी कधी बंद करत नाहीत, दगड तुंबतात. मावशींनी केली. हात पदराला पुसत त्या पायरीवर आल्या.

"पोरगी झाली म्हणं. हाकेला काय?"

"अजून बारसं कुठं झालंय, मावशी? पेटीत आहे ती. पेटीवर आईच्याच नावाची चिठ्ठी लावलीय."

"म्हंजी बिननावाचीच पडलीय व्हय?"

मी मान हलवली.

"आन् जायाला निघाली तर? काय म्हणून हाक मारायची तिला? मागं वळायला नाव नगं का मानसाला?"

मला भर रस्त्यात रडू आलं. मावशींनी ते पाहिलं न पाहिल्यासारखं केलं आणि विचारलं, "केवढी हाय?" मी हातानं दाखवलं. त्या आत गेल्या, घरच्या पिठाच्या चाळणीत बोट फिरवून तळहातावर काहीतरी घेऊन आल्या. ज्वारीची एक कणी होती. चाळणीवर उरते ना, तसली.

"कणी म्हणा. आन् जाताय तर तोंडानं म्हणा, मनात नगं."

आमच्या आईला नाव मुळीच आवडलं नाही. "कण्या म्हणजे गरिबाचं खाणं. ताककण्या खायची वेळ येऊ नये म्हणून लोक शिकतात, आणि पोरीचं नाव काय, तर कणी!" मी दवाखान्यात जाऊन बायकोला सांगितलं. ती हसली, बऱ्याच दिवसांनी. मग पेटीच्या गोल भोकाशी तोंड नेऊन हळूच म्हणाली, "कणे." मला म्हणाली, "तुम्ही पण म्हणा."

मला जमलं नाही. बारशाआधी कसलं नाव, असं काहीतरी मी पुटपुटलो. पण खरं सांगायचं तर मी भ्यालो होतो. बिननावाची गेली असती तर नुसती एक मुलगी गेली असती. नावाची गेली असती तर कणी गेली असती.

ती गेली नाही. तिला घेऊन आम्ही दौंडला आलो, तर रिक्षा गल्लीत शिरताच दोन्ही बाजूंच्या दारांत बायका उभ्या. "कणी आली, कणी आली!" आम्ही चकित झालो. ज्या पोरीला आम्ही अजून नाव ठेवलं नव्हतं, तिला सगळी गल्ली नावानं ओळखत होती. मग बँकेच्या बाईंनी सांगितलं. एवढे सगळे दिवस मावशी रोज सकाळी दाणा टाकायच्या आधी रिकामी गिरणी सुरू करायच्या. रिकामा दगड दगडाला खातो, म्हणून आप्पा रोज हातवारे करून भांडायचे. मावशी तिकडं पाठ करायच्या, दाराकडं तोंड करून दळण झाल्यासारखी आरोळी ठोकायच्या, "कणेऽ, ये गं!" आणि मग दिवसाचं पहिलं दळण टाकायच्या.

"एवढ्या आवाजातनं हाक मारायची सवय हाय मला," त्या म्हणाल्या. "पुनं काय लांब हाय?"

त्यांनी पोरीला दळणाच्या काट्यावर ठेवलं, काटा पाहिला, आणि किती भरली ते कुणालाच सांगितलं नाही. लेकराचं वजन बोलून दाखवायचं नसतं.

बारशाला आत्या म्हणून मावशींनाच बसवलं. नाव आम्ही ठरवलं होतं, अन्विता. मावशींनी कुर्र केलं आणि पोरीच्या कानात काहीतरी सांगितलं. काय सांगितलं ते त्या दोघींनाच ठाऊक. बायकांनी पाठीत धपाटे घातले, ते मात्र जरा जास्तच जोरात बसले.

घरात अन्विता, गल्लीत कणी, अशी आमची मुलगी वाढली. बायको लाडात आली की कणे म्हणायची. मी नाही. दवाखान्यात तोंडातून न निघालेलं ते नाव तसंच राहून गेलं होतं.

चौथीत असताना शाळेत 'माझ्या नावाचा अर्थ' असं काहीतरी लिहून आणायला सांगितलं. अन्विता म्हणजे जोडलेली, हे आईनं तिला सांगितलं. पण तिचं समाधान झालं नाही. मी दळणाचा डबा घेऊन निघालो, तर माझ्याबरोबर गिरणीत आली आणि कमरेवर हात ठेवून तिनं मावशींना विचारलं, "मला कणी का म्हणतात? मी बारीक होते म्हणून?"

मीही आजवर तेच समजत होतो.

मावशींनी मोटार बंद केली. "बारीक तर समदीच आस्त्यात," त्या म्हणाल्या. चाळणी घेतली, त्यात मूठभर पीठ घातलं आणि तिच्या डोळ्यांसमोर हलवली. पीठ खाली पडलं. वर दोनचार कण राहिले.

"ह्ये समदं ह्या दगडाखालनं आलं. त्याचं पीठ झालं. व्हय का न्हाई? आन् ही बघ. ही बी त्याच दगडाखालनं आली. पर न्हाई झाली पीठ." त्यांनी एक कण तिच्या तळहातावर ठेवला. "तिला म्हणत्यात कणी."

पोरगी तो कण मुठीत धरून घरी आली. मी डबा तिथंच विसरलो. त्या बाईंच्या पायावर डोकं ठेवावं असं मला वाटलं होतं, पण माझ्यासारखी माणसं अशा वेळी फक्त डबा विसरतात.

दहावीनंतर मात्र मुलीचं बिनसलं. मैत्रिणी घरी यायच्या आणि तेवढ्यात गिरणीतून "कणेऽ, झालं गं!" अशी आरोळी यायची. एके दिवशी ती गिरणीत जाऊन सांगून आली, "मावशी, मला अन्विता म्हणायचं."

"बरं बाई," मावशी म्हणाल्या.

त्यांनी प्रयत्न केला. पण त्यांनीच सांगितल्याप्रमाणे ते नाव दारापर्यंत पोचायचं नाही. शिवाय त्यांना दमा लागला होता. मग त्यांनी तिला हाक मारणंच सोडलं. आमचं दळण झालं की स्वतः धापा टाकत पायरी उतरायच्या, आमच्या दारापर्यंत यायच्या आणि पांढऱ्या हातानं खूण करायच्या. मुलीला ते कळत होतं. एकदोनदा ती "मावशी, तुम्ही कशाला आलात?" म्हणाली. "आलं मनाला," एवढंच मावशी म्हणाल्या. मुलीला आपला शब्द मागं घेता येईना, आणि त्यांना तो मोडता येईना. दोघीही तशा एकाच पिठाच्या.

मग मुलगी पुण्याला कॉलेजात गेली. आणि मागच्या हिवाळ्यात मावशी गेल्या. दोन दिवस छातीत घरघर झाली, तिसऱ्या दिवशी थांबली. मुलगी मिळेल त्या गाडीनं आली, पण तोवर सगळं उरकलं होतं.

चौकात भावपूर्ण श्रद्धांजलीचा फ्लेक्स लागला होता. त्यावर मावशींचं कागदावरचं नाव होतं, चांगलं चार शब्दांचं. फोटोही कुणी लग्नातला शोधून दिलेला. केस काळेभोर, तोंडाला पीठ नाही. रोजचा दूधवाला त्या फ्लेक्सखाली गाडी लावून मला विचारत होता, "कोण वारलं हो तुमच्या गल्लीत?" मी सांगितलं तेव्हा त्यानं टोपी काढली. "आन् मी म्हणलं, कुनी पाव्हनी आसंल."

मुलगी त्या फ्लेक्ससमोर बराच वेळ उभी होती. घरी येऊन तिनं विचारलं, "बाबा, मावशींना हाकेला काय होतं?"

मला माहीत नव्हतं. बायकोला माहीत नव्हतं. बँकेच्या बाईंना नव्हतं. साऱ्या गल्लीला नावं वाटणाऱ्या बाईंना 'तुमचं काय' असं आमच्यापैकी कुणीच कधी विचारलं नव्हतं. मुलगी आप्पांकडं गेली, त्यांच्या कानाशी ओरडली. आप्पा खूप वेळ विचार करत बसले.

"मी 'अगं' म्हनायचो," ते म्हणाले.

त्यावर ती त्यांच्या स्टुलाशी खाली बसून ढसाढसा रडली.

आप्पांना एकट्यानं गिरणी चालवणं शक्य नव्हतं. गिऱ्हाईक काय म्हणतंय ते त्यांना कोण ओरडून सांगणार? या उन्हाळ्यात शिरूरकडचा मावशींचा भाचा टेम्पो घेऊन आला. गिरणी तो गावी नेऊन बसवणार होता. खोलायच्या आधी चालते का ते बघावं म्हणून त्यानं पट्टा चढवला आणि बटण दाबलं. किती महिन्यांनी गल्लीत तो आवाज झाला. बायका दारांत आल्या. आप्पा पायरीवर बसले होते. त्यांना आवाज आला नाही, पण पायरी थरथरली तसं त्यांनी हात टेकून फरशी चाचपली.

मुलगी सुट्टीला आली होती आणि त्याच दिवशी परत निघाली होती. बॅग माझ्या हातात, ती गल्लीच्या टोकाला बँकेच्या घाईंशी बोलत उभी, आणि गाडीची वेळ होत आलेली. मी हाक मारली, "अन्विता!" गिरणीपुढं माझा आवाज मलाच ऐकू आला नाही. पुन्हा मारली. तिचं लक्ष नाही.

मग माझ्या तोंडून निघालं, "कणेऽ!"

ती गर्रकन वळली. पण तिनं पाहिलं ते माझ्याकडं नाही. गिरणीच्या दाराकडं. तिथं कुणी नव्हतं. जुन्या पिठाची थोडी धूळ उडत होती. मुलगी तशीच तिकडं बघत राहिली.

मी बॅग खाली ठेवली, छाती भरून श्वास घेतला आणि पुन्हा हाक मारली.

"कणेऽ, ये गं!"