एका शिंगाचा बैल

पंधरा वर्षांपूर्वी मी स्वतःला जनावरांतली जाणकार समजायची. रहिमतपूरच्या बाजूला कुणाचं जनावर बिथरलं की लोक मला बोलवत. म्हणजे बोलवत नसत, मीच जायची.

त्या बेंदराला, बैलांच्या सणाला, आम्ही नेहमीसारखी आमच्या खिलार बैलाची शिंगं तासून गुळगुळीत केली, रंगवली. महिन्याभरात तो मान वाकडी धरून डोकं झटकायला लागला, जू घेईना. मी निदान केलं : माज. औषधही माझंच, काठी. पाठीवर वळ उठले तरी हात थांबला नाही. चौथ्या दिवशी मी शिंगावरच काठी हाणली. त्यानं दावं तोडलं, मध्ये पडलेल्या मालकांना, म्हणजे माझ्या नवऱ्याला, भिंतीशी दाबलं आणि शिंग त्यांच्या मांडीत घुसवून त्यांना शेणात आपटलं. शेण लाल झालं.

टाके घालून आल्यावर मालक म्हणाले, "मंगळवारी बाजार दाखवायचा. मारका बैल दावणीला नगं." मारक्या बैलाचं पुढं काय होतं ते दोघांनाही ठाऊक होतं.

गाडीत चढवायला गुंगीचं इंजेक्शन हवं म्हणून जनावरांच्या डॉक्टरीणबाईंना बोलावलं. पोरसवदा बाई. पिशवी उघडायची सोडून पालथ्या बादलीवर बसून नुसती बैलाकडं बघत राहिली.

"मावशी, तो एकच शिंग खांबाला घासतोय. मान त्याच बाजूला पाडतोय. हा माज नाही, कळ आहे. शिंगाच्या मुळाशी कॅन्सर असावा. तासून तासून इजा होते तिथं."

"शिंगाला कुटं कॅन्सर असतुय व्हय?" मी हसले. एकटीच.

शिंग काढायला मालक तयार झाले. गड्यांनी बैल पाडून बांधला, बाईंनी शिंग बधिर करायच्या सुया दिल्या. तारेच्या करवतीनं शिंग उतरलं, तेव्हा रक्ताची चिळकांडी माझ्या तोंडावर आली. आत फुलकोबीसारखं सडकं मांस होतं.

जखम भरली. ज्यांना भोसकलं त्या मालकांच्या हातून बैल चारा खाई. मी दिसले की मात्र थरथरत मुतायचा.

"बांगड्या वाजल्या की काठी येते, एवढं तो शिकलाय," जखम बघायला आलेल्या बाई म्हणाल्या.

"रोज तुझ्याच हाताखाली ऱ्हायचाय," मालक म्हणाले, "तुला जवळ करत नसंल तर बाजारच."

मी बांगड्या कोपरापर्यंत सारून वर फडकं बांधलं आणि तळहातावर भाकरी धरून उभी राहिले. चार दिवस त्यानं तोंड फिरवलं. पाचव्या दिवशी सरळ माझ्या पायावर खूर ठेवला.

"हाण की आता," मालक दारातनं म्हणाले.

मी दात आवळून भाकरी तशीच पुढं धरली. पाय सुटेपर्यंत भाकरी त्याच्या तोंडात गेली होती.