आईच्या टेबलावरचे डाग

ब्रिस्टलला मुलीच्या घरी एक जुनी रेकॉर्ड मी उजेडात तिरकी धरली. गाणं जिथं संपतं, त्या लेबलाभोवतीच्या गुळगुळीत कड्यावर बारीक इंग्रजी अक्षरं खरवडलेली होती: ‘आई, टेबलाला डाग पडले, माफ कर.’

“हे कुणी लिहिलं गं?”

“मी काम करते त्या रेकॉर्ड कंपनीच्या मालकिणीनं, बाबा. ही कंपनीची पहिली रेकॉर्ड. मोठ्या कंपन्यांनी नाकारलेली गाणी तिनं काढली. कव्हरं तिच्या आईच्या स्वयंपाकघरातल्या टेबलावर गोंदानं चिकटवली. मूळ तबकडीवर ओळ कोरली की प्रत्येक प्रतीवर उमटते. अजूनही प्रत्येक रेकॉर्डवर ती एखादी नवी ओळ कोरते.”

आता तिच्या रेकॉर्डी जगभर जातात. म्हणजे एका मुलीनं आईपाशी मागितलेली माफी किती अनोळखी घरांत गोल फिरली असेल. सुई त्या ओळीपर्यंत पोचते तेव्हा गाणं संपलेलं असतं. ती ऐकू येत नाही. कुणाला तरी रेकॉर्ड उजेडात धरावी लागते.

“आणि ते टेबल?”

“ऑफिसात आहे. आम्ही त्यावरच डबा खातो. डाग घासायचे नाहीत, एवढा एकच नियम आहे.”

मी रेकॉर्ड दोन्ही हातांनी कव्हरात ठेवली.