रेडिओदादा आणि चष्म्याच्या काचा

गल्लीच्या तोंडाशी केस कापणाऱ्या त्या न्हाव्याला सगळे रेडिओदादा म्हणायचे. कात्री थांबेल, पण तोंड थांबायचं नाही. "अरे रेडिओ, आवाज कमी कर, बोलण्याच्या नादात माझा कान माझ्याच हातात देशील!" असं गिऱ्हाईक करवादायचं, आणि वर स्वतःच विचारायचं, "बरं, मग त्या सासऱ्याचं पुढं काय झालं?"

आणि गंमत बघा, एवढा बोलका माणूस, पण समोरासमोर असं बोललाच नाही कधी. न्हावी उभा पाठीमागे. सगळं बोलणं आरशातून. आरशात गिऱ्हाइकाची नजर कुठं आहे, त्यावरून गोष्ट रंगलीय की आंबलीय, हे त्याला अचूक कळायचं.

पुढं लोकांच्या कानांत ती पांढरी बोंडं आली आणि रेडिओ बंद पडला. कात्री कल्ल्यापाशी आली, की "कानातलं काढा" म्हणायचं आणि तेवढ्यात अर्धीमुर्धी गोष्ट उरकायची, एवढंच हाती राहिलं. बायको गेल्यावर घरात तर भांड्यांशीच गप्पा.

राहता राहिला मुलगा. तो दूरदेशी नोकरीला. सोमवारी दुकान बंद असे, तेव्हा तो फोनवर दिसायचा. दादा गुळगुळीत दाढी करून गिऱ्हाइकाच्या खुर्चीत बसायचा आणि फोन आरशाला टेकवून ठेवायचा.

त्या सोमवारी त्याला एकच विचारायचं होतं. हाताला कंप सुटला होता, एकाच्या मानेवर वस्तरा लागून रक्त आलं होतं. आता काय करावं? पण एकदम कसं बोलायचं, म्हणून त्यानं आधी सासऱ्याची गोष्ट काढली. मुलगा "हं, हं" करत होता. मध्येच हसला, पण भलत्याच जागी. दादानं सवयीनं त्याची नजर शोधली. त्याच्या चष्म्याच्या काचांत इवलीइवली माणसं चेंडूमागे पळत होती. बाप कुठंच नव्हता.

"बाळा, दुकान बंद करतोय मी."

"वा, मस्तच की बाबा!"

"हात थरथरतो रे."

"हं, हं. बरं, मग पुढं?"

पुढं काय? गोष्ट तर केव्हाच संपली होती. पण संपली म्हटलं, की तो चेहराही जाणार. दादानं सासऱ्याला पुन्हा घराबाहेर काढलं, वाटेत त्याची चप्पल हरवली, मागं कुत्रं लावलं. आणि थरथरता हात दुसऱ्या हातानं मांडीवर दाबून धरत तो गोष्ट लांबवत राहिला.