कॅसेटमधले पाय

“थांबा ना, आता तिचे पाय येतील,” माझी मैत्रीण कुणाला तरी सांगत होती. मी जिना उतरून नुकतीच तळघरात पोचले होते आणि तिची माझ्याकडे पाठ होती.

तिच्या वडिलांच्या कापडदुकानाखालचं ते तळघर. रविवारी दुकान बंद असे, म्हणून भर दुपारी कॉलेजातली मुलंमुली तिथे जमली होती. चहूकडे कापडाचे गठ्ठे, मधोमध टेपवर गाणं लागलेलं. गाण्यातला बारीक, किणकिणता आवाज ते गठ्ठे गिळून टाकत आणि खालचा ठोका तेवढा उरे, थेट छातीच्या हाडावर पडणारा. कूलरची घरघर त्यातच मिसळून गेली होती. गाण्याला शब्द नव्हते. सगळं यंत्रांवर वाजवलेलं, एकाच ठोक्यावर चाललेलं. मध्येच तो ठोका थांबायचा आणि एक लांब सूर पाण्याखालून यावा तसा वर यायचा.

माझ्या मावसभावाने परदेशातून आणलेली ती कॅसेट मी फक्त या मैत्रिणीला ऐकवली होती. वर्गात उत्तर द्यायला उभी राहिले तरी मी काहीतरी पुटपुटून खाली बसे. या गाण्यावर मात्र मी खोलीचं दार लावून नाचायचे. हेही तिलाच ठाऊक होतं.

तिला कॉपी हवी होती. तेव्हा दोन टेपरेकॉर्डर समोरासमोर ठेवून आम्ही कॉपी करायचो. तेवढा वेळ खोलीत कुणी शिंकायचंसुद्धा नाही. “तू नाच वं,” ती म्हणाली, “अनवाणी पायांचा कुठे आवाज येते!” मी नाचले. नंतर ऐकलं तर फरशीवरचे पाय, धाप, शेवटचं माझं हसू, सगळं उतरलं होतं.

“हे पुसून दुसरी करू,” मी म्हटलं.

“आजच पुसते. तुझी शपथ.”

आता तळघरात तो लांब सूर आला, आणि त्याच्यामागून धप, धप.

“अबे, म्हैस नाचून राहिली का?” एक मुलगा ओरडला.

“म्हैस नाही गा, आपली मिस कॉन्व्हेंट! वर्गात तोंड उघडत नाही, अन् घरी पाहा!” माझ्या कॉन्व्हेंट शाळेवरून पडलेलं ते नाव माझ्या मैत्रिणीनेच घेतलं.

सगळे हसले. हसता हसता ती वळली आणि मी दिसले. तिचा चेहरा जरासा उतरला, पण लगेच तिने हात पुढे केला. “ये ना वं, मजाक आहे. एकदा करून दाखव यांना.”

कुणीतरी आवाज वाढवला. माझी धाप गठ्ठ्यांमधून फिरू लागली. आता टेपवर माझं हसू येणार होतं. त्या दिवशी तिच्याकडे पाहून हसले होते मी.

मी पुढे जाऊन टेप बंद केला. कूलर तेवढा घरघरत राहिला. सगळे माझ्याकडे बघत होते.

“ते तुझ्यापुरतं होतं वं,” मी म्हणाले. “काहून ऐकवलं सगळ्यायले?”