म्हाळसाबाई काय म्हणाली

दर रविवारी उजाडता उजाडता एक गाडी दुबलगुंडीच्या फाट्यावर येऊन थांबते. टपावरच्या सायकली खाली उतरतात, शहरातली मंडळी आळस देत बाहेर येतात आणि त्यांच्यापुढं हेल्मेट हातात घेऊन एक काटक, सावळा माणूस उभा राहतो. हा अनिलकुमार, सायकल कंपनीचा गाईड. तुरीच्या आणि सोयाबीनच्या रानांतून, पाणंदीतून, दोन-तीन खेडी ओलांडत तो लोकांना मैलारवाडीच्या घुमटापर्यंत नेतो, दुपारचं जेवण घालतो आणि उन्हं कलायच्या आत परत आणून सोडतो. वय छत्तीस, शिक्षण बारावी. घरात मराठी, शाळेत कन्नड, बाजारात दखनी आणि कंपनीनं घोटून घेतलेली इंग्रजी, असा चार भाषांचा माणूस.

घुमट म्हणजे कुणा जुन्या सरदाराची कबर. नाव कुणालाच ठाऊक नाही. जांभ्या दगडाचा चौथरा, तीन बाजूंनी कमानी, आतून काळवंडलेलं छत. आता भोवती लोखंडी कुंपण आहे, पाटी आहे, फाटकावर पहारेकरी आहे. तिथं उभं राहून अनिलकुमार कंपनीनं लिहून दिलेलं बोलायचा. कमानी कशा, चुना कसला, आणि शेवटी एक वाक्य : ‘मधल्या काळात इथं अतिक्रमण झालं होतं, अकरा वर्षांपूर्वी ते हटवलं आणि ही वास्तू वाचली.’

ते अतिक्रमण म्हणजे तो स्वतः होता. तो, त्याचा बाप लिंबाजी, माय म्हाळसाबाई आणि त्यांची मेंढरं.

लिंबाजीच्या आजोबानं एका कडाक्याच्या थंडीत कोकरं वाचवायला कमानीखाली मेंढरांचं वाडगं घातलं, आणि थंडी गेली तरी तो उठला नाही. तेव्हा त्या माळावर कुत्रंसुद्धा फिरकत नव्हतं. पुढं तिथंच चूल मांडली, तिथंच जातं रोवलं. म्हाळसाबाई नवरी होऊन आली ती थेट त्या घुमटात. अनिलकुमार जन्मला तो पूर्वेच्या कोपऱ्यात. मधल्या कबरीला कुणी कधी पाय लावला नाही. कुणाची आहे ते माहीत नसताना म्हाळसाबाई दर गुरुवारी तिच्यापुढं ऊद जाळायची. “आपुन त्याच्या घरात ऱ्हायलो,” म्हणायची.

मग एका हिवाळ्यात जुन्या वास्तू सांभाळणाऱ्या खात्याचे साहेब जीप घेऊन आले. लिंबाजी घोंगडी पांघरून चौथऱ्यावर बसला होता. त्यानं सगळं ऐकून घेतलं आणि म्हणाला, “मी न्हाई निघत. काय करायचं ते करा.” दोनदा आले, तीनदा आले, तो हलला नाही. गावातली चार माणसंही त्याच्या बाजूनं बोलू लागली. तेव्हा साहेबांनी अनिलकुमारला बाजूला घेतलं. इथं पहारेकऱ्याची जागा निघणार आहे, म्हणाले. गावातलाच शिकलेला पोरगा घ्यायचा विचार आहे. फक्त तेवढं म्हाताऱ्याचं बघ.

अनिलकुमारचं तेव्हा नुकतंच श्रीदेवीशी लग्न झालेलं. त्याला मेंढरांमागं जायचं नव्हतं. गणवेश, शिट्टी, महिन्याच्या महिन्याला पगार, हे त्याला दिसू लागलं. त्यानं जागा सोडत असल्याचा कागद आणला आणि बापाला सांगितलं, “अप्पा, घरकुलाचा कागद हाय. अंगठा लावा, गावात जागा भेटतीया. घुमट कुठं जायलाय?” लिंबाजीला वाचता येत नव्हतं. पोरावर विश्वास होता. त्यानं अंगठा दिला.

गावात जागा मिळाली, हे खोटं नव्हतं. पण ती गावाच्या मध्यात, दोन भिंतींच्या बेचक्यात. तिथं मेंढरं कुठं बांधणार? ती विकली. पहारेकरी म्हणून दुसऱ्याच तालुक्यातला माणूस आला. लिंबाजी रोज सकाळी कुंपणापाशी जाऊन बसायचा, पहारेकरी त्याला उठवायचा. दुसऱ्या उन्हाळ्यात तो गेला. अनिलकुमारला तो शेवटपर्यंत एका शब्दानं बोलला नाही. म्हाळसाबाईही बोलली नाही. घरात त्या कागदाचं नाव कुणी काढलं नाही.

कंपनीत गाईड होऊन अनिलकुमारला तीन वर्षं झाली होती. ‘अतिक्रमण’ हा शब्द तो इतक्या वेळा बोलला होता, की तो आता खडीच्या रस्त्यासारखा अंगवळणी पडला होता. एका रविवारी मात्र एक निवृत्त इंजिनियर काळं छत बघत हिंदीत म्हणाले, “कबरीच्या उशाशी चूल पेटवायची! काय रानटी लोक असतील.”

अनिलकुमारच्या तोंडून निघून गेलं, “साहेब, ती माझ्या आईची चूल होती. मी त्या कोपऱ्यात जन्मलो.”

सगळ्यांनी वळून त्याच्याकडं पाहिलं. मग कुणीतरी त्याला त्या कोपऱ्यात उभं करून त्याचा फोटो काढला. इंजिनियरसाहेबांनी माफी मागितली, पाठीवर हात ठेवला. जाताना सगळ्यांनी हात मिळवले. परतीच्या वाटेवर अनिलकुमारचं पायडल हलकं पडत होतं. कितीतरी वर्षांनी आपण खरं बोललो, असं त्याला वाटत होतं. पण आपण अर्धंच खरं बोललो, हेही त्याला कळत होतं.

तिसऱ्या दिवशी कंपनीचा मॅनेजर चन्नवीर याचा फोन आला. आता नोकरी गेली, असंच अनिलकुमारला वाटलं. पण चन्नवीर खुशीत होता. “अरे, त्या लोकांनी काय काय लिहिलंय तुझ्यावर! ही गोष्ट तू तीन वर्षं पोटात ठेवलीस? आई आहे ना तुझी? तिला बसव तिथं. अर्धा तास बोलू दे, तू इंग्रजीत सांग. पहारेकऱ्याचं मी बघतो.”

“चन्नवीरअण्णा, ती न्हाई यायची.”

“विचारून तर बघ.”

म्हाळसाबाई अंगणात तूर पाखडत होती. अनिलकुमारनं चाचरत सांगितलं. तिनं सूप खाली ठेवलं आणि एकच विचारलं, “आत बसू देतेत का?”

“व्हय माय. आत.”

“मग येते की.”

रविवारी ती त्याच्या आधी उठली. ठेवणीतलं हिरवं लुगडं नेसली, डोक्यावरून पदर घेतला आणि काखेत केरसुणी मारली. अनिलकुमार म्हणाला, “माय, ते कशाला?” ती पुढं चालू लागली. पहारेकऱ्यानं फाटक उघडलं, तशी ती वाकून उंबऱ्याला हात लावून आत गेली. अकरा वर्षांनी. पाहुणे यायला अजून तासभर होता. तेवढ्या वेळात तिनं सबंध घुमट झाडून काढला. कबुतरांची विष्ठा खरवडली. जात्याच्या जागी दगडात पडलेल्या खळग्यातली माती बोटानं काढली. मग चुलीच्या जागेला पाठ लावून ती बसली. अनिलकुमार पाहुण्यांना आणायला सायकल घेऊन निघाला, तेव्हा त्यानं मागं वळून पाहिलं. माय तिथं अशी बसली होती, जणू कुठं गेलीच नव्हती.

त्या दिवशीची मंडळी चेन्नई-कोइंबतूरकडची. बारा जण. हिंदीसुद्धा जेमतेम, मराठीचा तर गंधही नाही. घामानं भिजलेली, दमलेली, पण उत्साहात होती. ती तिच्यापुढं चटईवर बसली. कुणी नमस्कार केला, कुणी फोन समोर धरला.

“बोल माय,” अनिलकुमार म्हणाला.

तिनं सुरुवात केली. हितं जातं होतं. तितं दुधाचं मडकं टांगलेलं असायचं. थंडीच्या दिसात कोकरं पांघरुणात घेऊन निजायचो, लेकरू कुठलं आणि कोकरू कुठलं ते अंधारात कळायचं न्हाई. अनिलकुमार वाक्यावाक्याला इंग्रजीत सांगत होता. लोक हसले, पुढं सरकले. त्याला बरं वाटू लागलं. शब्द सुचत होते.

म्हाळसाबाई थांबली. तिनं त्या बारा तोंडांकडं एकेक करून पाहिलं. मग बोट अनिलकुमारकडं केलं.

“ह्यो माझा ल्योक. ह्यानंच अंगठा घेतला बापाचा. घरकुलाचा कागद हाय म्हनला. नोकरी लागतीया म्हनून बापाला फसिवला. मेंढरं गेली, मानूस गेलं. मरताना मालक मला म्हनले, पोराला काई बोलू नगंस, त्याला सवताचं कळतंय. मी न्हाई बोलले. धा वर्सं न्हाई बोलले. आज तुमी लांबची मान्सं आलाव, तुमाला सांगायलेय.”

तिचा आवाज चढला नव्हता. दुधाचं मडकं कुठं होतं, हे ज्या आवाजात सांगितलं त्याच आवाजात तिनं हे सांगितलं.

चटईवरची माणसं अनिलकुमारकडं पाहत थांबली. बापानं मरताना असं म्हटलं होतं, हे तो पहिल्यांदाच ऐकत होता. कमानीतून येणारं ऊन त्याच्या बुटांवर पडलं होतं. तो तिकडं बघत राहिला. मग तो इंग्रजीत म्हणाला, “आई म्हणते, माझ्या वडिलांनी ही जागा स्वखुशीनं सोडली. ही सगळ्यांची आहे, असं ते म्हणायचे. तुम्ही इतक्या लांबून ती बघायला आलात, याचा तिला आनंद होतो.”

लोकांनी टाळ्या वाजवल्या. एक मुलगी उठली आणि तिनं म्हाळसाबाईला मिठी मारली. मग एकेक जण तिच्याशेजारी बसून हसत फोटो काढू लागला. म्हाळसाबाई अवघडून बसली होती. गर्दीतून तिनं मुलाला जवळ बोलावलं.

“समदं सांगितलास?”

“व्हय माय.”

“मी बोलले तसंच?”

“तसंच.”

“मग हासायलेत कामून?”

अनिलकुमारला तेव्हाही सांगता आलं असतं. पुढं कितीतरी वेळा त्याला तो क्षण आठवला, आणि दर वेळी तो त्यात खरं बोलला. त्या दिवशी मात्र तो म्हणाला, “शहरची मान्सं हायेत, माय. त्यांचं असंच असतंय.”

म्हाळसाबाईनं मान हलवली. “म्हंजे त्यास्नी त्याचं काई वाटलं न्हाई,” ती म्हणाली. मग फोटोसाठी कुणीतरी तिचा पदर नीट केला, आणि तिनं तो करू दिला.

घरी आल्यावर ती चुलीपुढं बराच वेळ बसून होती. श्रीदेवीनं हुलग्याचं माडगं पुढं ठेवलं, तेही निवून गेलं. “वाटायलतं मला,” ती सुनेला म्हणाली, “एकदा कुनापुढं तरी बोलावं. बोलले. ऐकून हासली मान्सं. येवढंच होतं म्हनायचं ते.” श्रीदेवीला काही कळलं नाही. तिनं नवऱ्याकडं पाहिलं. तो सायकलची साखळी पुसत होता.

पुढच्या रविवारी म्हाळसाबाई उठली नाही. “मी न्हाई येत,” म्हणाली. अनिलकुमारनं पुन्हा विचारलं नाही. त्यानंतर घरात ती त्याला जेवलास का विचारायची, गोळ्या आणायला सांगायची, नातवंडांची तक्रार करायची. पण त्याच्याकडं पाहताना तिच्या डोळ्यांत जे काही असायचं, राग म्हणा, ते आता नव्हतं. तो राग होता तोवर अनिलकुमारला घरात बसवत नव्हतं. तो गेल्यावर तर त्याहून नको झालं.

चन्नवीरला मात्र थांबून चालणार नव्हतं. कंपनीच्या जाहिरातीत ‘घुमटातल्या आजींची भेट’ छापून झालं होतं. त्यानं पलीकडच्या गावातून लिंगम्मा नावाची एक म्हातारी आणली. तिचा सगळा जन्म कन्नड घरात गेला, मेंढरं तिनं लांबूनच पाहिलेली, घुमटात तर कधी पाऊल ठेवलं नव्हतं. तिला हिरवं लुगडं नेसवलं, खांद्यावर घोंगडी टाकली आणि चुलीच्या जागेपाशी बसवलं. कन्नड कळणारी मंडळी असली, की तिनं नुसतं हात जोडून हसायचं, असं ठरलं. बाकी रविवारी ती मनाला येईल ते बोलते. गुडघे दुखतात, सून नीट बघत नाही, चहा फार गोड होता. अनिलकुमार शेजारी उभा राहून इंग्रजीत जात्याची, मडक्याची आणि कोकरांची गोष्ट सांगतो. वडिलांनी जागा स्वखुशीनं सोडली, हेही सांगतो. लोक टाळ्या वाजवतात.

गेल्या रविवारी पाहुणे जेवायला उठल्यावर लिंगम्मा भिंतीला धरून उभी राहिली आणि वर काळ्या छताकडं बघत कन्नडमध्ये म्हणाली, “बाबा, एवढा धूर म्हणजे पुष्कळ वर्षं राहिले असतील कुणी. कोण होते रे खरे?”

“म्हाईत न्हाई, अक्का,” अनिलकुमार मराठीत म्हणाला. “असतील कोन तरी धनगर.”

आणि तो मोकळ्या बाटल्या गोळा करायला लागला.